पडद्यावर गेलेले प्रेक्षक

'पल्प फिक्शन' पाहिलेल्या प्रत्येक मराठी रसिकाने स्टॅटलर ब्रदर्स ऐकलेले आहेत. आपण कोणाला ऐकलं हे मात्र बहुतेकांच्या गावी नसतं. ब्रूस विलिसचा बुच घरी राहून गेलेलं वडिलांचं घड्याळ आणायला जातो, तिथे एकाला गोळ्या घालतो आणि मैत्रिणीच्या छोट्या पांढऱ्या होंडात बसून निघतो. रेडिओवर गाणं चाललेलं असतं. चार पुरुषांचे आवाज, निवांत चाल. जिवावरचं संकट टळल्याच्या आनंदात बुच त्यात आपलाही सूर मिसळतो, गाण्यातल्या माणसासारखाच बेफिकीर होऊन. सिग्नलला गाडी थांबते. ज्याच्यापासून तो पळतोय तो मार्सेलस वॉलेस नेमका त्याच वेळी, हातात डोनटचा खोका आणि कॉफी घेऊन, गाडीच्या पुढ्यातून रस्ता ओलांडत असतो. तो मान वळवून काचेतून आत पाहतो. पुढचं ज्यांनी पाहिलंय त्यांना सांगायला नको, आणि ज्यांनी नाही पाहिलं त्यांची मजा मी कशाला घालवू?

ते गाणं म्हणजे 'फ्लॉवर्स ऑन द वॉल'. १९६५ साली स्टॅटलर ब्रदर्सनी ते कोलंबिया कंपनीसाठी गायलं आणि अमेरिकेच्या कंट्री यादीत ते दुसऱ्या, तर पॉपच्या मुख्य यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत गेलं. चर्चमध्ये गायला शिकलेल्या चौघांना त्यावर दोन ग्रॅमी मिळाल्या. गाण्यातला माणूस एकटा पडलाय, पण आपलं किती मजेत चाललंय हे तो ठासून सांगतो. दिवसभर तो काय करतो? भिंतीच्या कागदावरची फुलं मोजतो, एक पत्ता कमी असलेल्या जोडाने एकट्याचा डाव मांडतो, सिगारेटी ओढतो आणि टीव्हीवर लहान मुलांचा 'कॅप्टन कांगारू' बघत बसतो. हा कार्यक्रम सीबीएसवर १९५५ पासून रोज सकाळी लागायचा. या गटाच्या पहिल्याच गाजलेल्या गाण्यात नायक टीव्हीसमोर बसलेला आहे, ही बाब मला नुसता योगायोग वाटत नाही.

या प्रस्तावनेत मला मांडायचंय ते एवढंच. स्टॅटलर ब्रदर्सनी सिनेमात आणि टीव्हीवर जे काम केलं ते मोजायला बसलं तर फार मोठं नाही. एका विनोदी सिनेमात ते काही क्षण दिसले, त्याच सिनेमासाठी एक गाणं गायले, त्यांच्या जुन्या गाण्याने एका महत्त्वाच्या सिनेमात जागा पटकावली आणि टीव्हीवर त्यांनी दोन मोठे डाव खेळले. पण पडद्याशी त्यांचं नातं नटाचं नव्हतं, प्रेक्षकाचं होतं. तिकीट काढून पहिल्या रांगेत बसलेला पोरगा मोठा झाला, पडद्यावर गेला आणि तिथेही पोरगाच राहिला, असं काहीसं. त्यांच्या कामाची गोडी त्यातच आहे, आणि त्याच्या मर्यादाही.

आधी माणसं ओळखून घेऊ. नावात 'ब्रदर्स' असले तरी भाऊ दोघेच: हॅरल्ड रीड आणि त्याचा सहा वर्षांनी धाकटा डॉन. फिल बाल्सली आणि ल्यू डेविट हे गाववाले. गाव व्हर्जिनियातलं स्टॉन्टन, शेनन्डोआ खोऱ्यातलं. १९५५ च्या सुमारास जवळच्या लिंडहर्स्टच्या मेथडिस्ट चर्चमध्ये हॅरल्ड, ल्यू आणि फिल गाऊ लागले. डॉन मागाहून आला. 'स्टॅटलर' आडनावाचा यांच्यात कोणीच नव्हता. आधी ते 'किंग्जमेन' म्हणून गायचे. त्याच नावाचा एक रॉक गट गाजला तेव्हा नवं नाव शोधणं आलं, आणि हॉटेलच्या खोलीत पडलेल्या टिश्यूच्या खोक्यावरचं नाव त्यांनी उचललं. खोका दुसऱ्या कंपनीचा असता तर आपण 'क्लीनेक्स ब्रदर्स' झालो असतो, हा विनोद ते पुढे आयुष्यभर सांगत राहिले.

गॉस्पेल क्वार्टेटची, म्हणजे भक्तिगीतं गाणाऱ्या चौकडीची, रचना समजून घेतल्याशिवाय टीव्हीवरचं त्यांचं काम समजत नाही. चार आवाज असतात. मूळ चाल 'लीड' गातो, त्याच्या वरचा सूर 'टेनर' धरतो, मधली पोकळी 'बॅरिटोन' भरतो आणि तळाशी 'बेस' चालतो. स्टॅटलरमध्ये लीड डॉनचा, टेनर ल्यूचा, बॅरिटोन फिलचा आणि बेस हॅरल्डचा. महाराष्ट्रातल्या मिशनच्या जुन्या चर्चमध्ये ज्यांनी चार सुरांत उपासनेची गीतं गायली आहेत त्यांना यात नवल वाटणार नाही. बाकीच्यांचा कान एका चालीवर पोसलेला असतो, त्यामुळे सुरुवातीला तो फक्त डॉनच्या मागे जातो. तीन-चार गाणी ऐकल्यावर फिलचा आवाज सापडतो. तो सापडला की गाणं निराळंच ऐकू येतं. फिल मंचावर जवळजवळ बोलत नसे, आणि त्याच्या गप्प राहण्यावर हॅरल्डचे निम्मे विनोद उभे असत.

अशा चौघांचं कॅमेऱ्याला अवघड जातं. एकटा गायक असला की त्याचा चेहरा जवळून दाखवला की झालं. क्वार्टेटमध्ये जवळ जावं तर गाणं तुटतं, कारण गाणं एका चेहऱ्यात नसतं. आणि लांब राहावं तर चार कोट तेवढे दिसतात. तरीही अशा गटांना टीव्हीने सुरुवातीपासून हात दिला. स्टॅटलर मंडळी ज्यांना आदर्श मानत त्या ब्लॅकवुड ब्रदर्सनी जून १९५४ मध्ये सीबीएसवरच्या आर्थर गॉडफ्रीच्या 'टॅलेंट स्काउट्स' स्पर्धेत बाजी मारली आणि गॉस्पेल क्वार्टेट एका रात्रीत देशभर पोचलं. त्याच महिन्याच्या ३० तारखेला अलाबामातल्या क्लँटन इथे विमान कोसळून त्यांच्यातले दोघं गेले. सिनेमात तर त्याहीआधी, व्हर्जिनियातल्याच नॉरफोकचं गोल्डन गेट क्वार्टेट 'स्टार स्पँगल्ड ऱ्हिदम' (१९४२) आणि 'हॉलिवूड कँटीन' (१९४४) मध्ये गाऊन गेलं होतं. ते कृष्णवर्णीय होते. गोऱ्या क्वार्टेटची कहाणी सांगताना हे नाव बहुतेकदा गळतं, म्हणून मुद्दाम इथे घेतलं.

१९६४ साली कंट्री गायक जॉनी कॅशने स्टॅटलरना आपल्या दौऱ्यात घेतलं आणि पुढची आठेक वर्षं ते त्याच्याबरोबर फिरले. त्याच्याआधी मंचावर जायचं, आपली गाणी गायची, लोकांना हसवायचं आणि नंतर त्याच्या मागे उभं राहून सूर धरायचे, असं हे काम. जानेवारी १९६८ मध्ये कॅशने फॉल्सम तुरुंगात केलेल्या प्रसिद्ध कार्यक्रमात ते होते. फेब्रुवारी १९६९ मध्ये सॅन क्वेंटिनच्या तुरुंगातही होते, आणि तिथे इंग्लंडच्या ग्रॅनडा टेलिव्हिजनची मंडळी कॅमेरे घेऊन आली होती. कैद्यांसमोर, बंदूकधारी पहारेकऱ्यांच्या नजरेखाली, हे चर्चमधले चौघे 'फ्लॉवर्स ऑन द वॉल' गायले. खोलीत अडकून वेळ घालवणाऱ्या माणसाचं गाणं तुरुंगात म्हणायचं! बाहेरच्या श्रोत्यांना ज्यात नुसती गंमत वाटते ते त्या हॉलमध्ये कसं पोचलं असेल, याची कल्पना वाचकाने करावी.

७ जून १९६९ ला एबीसीवर 'द जॉनी कॅश शो' सुरू झाला. चित्रण नॅशव्हिलच्या रायमन ऑडिटोरियममध्ये व्हायचं. ही इमारत १८९२ मध्ये प्रार्थनेसाठी उभी राहिलेली, आणि बसायला अजूनही चर्चचीच लाकडी बाकं. पहिल्याच भागात बॉब डिलन आणि जोनी मिचेल आले. शोच्या कायमच्या मंडळींत कार्टर फॅमिली, कार्ल पर्किन्स आणि स्टॅटलर ब्रदर्स. शेवटी भक्तिगीत झालंच पाहिजे हा कॅशचा हट्ट. वाहिनीच्या लोकांना तो फारसा रुचत नव्हता, पण कॅश हटला नाही. त्या शेवटच्या गाण्यात सगळी मंडळी एकत्र उभी राहत आणि हॅरल्डचा बेस तळाशी घुमायचा. शो मार्च १९७१ पर्यंत चालला. ग्रामीण वळणाचे कार्यक्रम झाडून काढायची तेव्हा अमेरिकन वाहिन्यांत लाटच आली होती; शहरी आणि तरुण प्रेक्षक जाहिरातदारांना हवा होता. त्या झाडणीत कॅशचाही शो गेला. या दोन वर्षांत स्टॅटलरनी काय टिपलं ते वीस वर्षांनी दिसलं. टीव्हीवर आपलं गाव घेऊन जाता येतं, आणि शेवट प्रार्थनेने करता येतो.

मधल्या काळात ते कॅशपासून वेगळे झाले, मर्क्युरी कंपनीकडे गेले आणि आपली गाणी आपणच लिहू लागले. त्यांच्या कामाचा हा भाग मला सर्वांत जवळचा वाटतो, कारण इथे पडदा हाच गाण्याचा विषय झालाय. १९७३ च्या सुमारास हॅरल्ड आणि डॉनने 'व्हॉटेव्हर हॅपन्ड टू रँडॉल्फ स्कॉट' लिहिलं. शनिवारी दुपारी चार आण्यांत बघायला मिळणारे घोडेस्वार नायक कुठे गेले, अशी ती तक्रार. जीन ऑट्री, रॉय रॉजर्स, टेक्स रिटर, रेक्स ॲलन अशी सगळी फौज तिच्यात येते. जोडीला नव्या सिनेमावर राग: आता कुठला चित्रपट घरच्यांबरोबर बघण्यासारखा आहे हे ठरवायलाच तज्ज्ञ लागतो. स्कॉटची निवड अचूक होती. साठाच्या आसपास वेस्टर्न केलेला हा नट १९६२ च्या 'राइड द हाय कंट्री' नंतर गप्प निवृत्त झाला, कुणाला मुलाखती देत बसला नाही. त्याचा जन्मही व्हर्जिनियातलाच, ऑरेंज काउंटीतला.

पुढे ल्यू डेविटने 'द मूव्हीज' लिहिलं. १९७७ मध्ये ते पहिल्या दहांत गेलं. सिनेमांची नावं एकापुढे एक ओवत नेलेलं हे गाणं. पण माझ्या मते या वेडाचा कळस म्हणजे 'लेस्टर रोडहॉग मोरन अँड हिज कॅडिलॅक काउबॉइज'. गावाकडच्या रेडिओवर शनिवारी सकाळी गाणारा, ना सूर ना ताल, पण आत्मविश्वास ओसंडणारा एक काल्पनिक वाद्यवृंद. स्टॅटलरनी त्याचं सोंग घेऊन १९७४ मध्ये अख्खी तबकडी काढली आणि तिच्या नावात कार्यक्रमाचं ठिकाण दिलं 'जॉनी मॅक ब्राउन हायस्कूल'. जॉनी मॅक ब्राउन हाही स्वस्तातल्या वेस्टर्नचा नायक. शाळांना राष्ट्राध्यक्षांची नावं देतात, यांनी दिलं शनिवारच्या मॅटिनीवाल्याचं. उत्तम गाणाऱ्यांना वाईट गाणं किती बारकाईने माहीत असतं, हे ज्याला ऐकायचं असेल त्याने ही तबकडी चुकवू नये.

एक गोष्ट मात्र ही गाणी सांगत नाहीत. ज्या काळाच्या मॅटिनीची आठवण हे चौघे काढतात, त्या काळात व्हर्जिनियात सार्वजनिक जागी गोऱ्यांनी आणि कृष्णवर्णीयांनी वेगळं बसलं पाहिजे असा १९२६ चा कायदा लागू होता, आणि सिनेमाघरं त्यातून सुटली नव्हती. रँडॉल्फ स्कॉट सगळ्यांसाठी एकाच पडद्यावर घोडा उडवायचा; त्याच्याकडे बघायला मिळायचं ते मात्र दोन वेगवेगळ्या ठिकाणांहून. स्टॅटलरनी यावर गाणं लिहायला हवं होतं असं मी म्हणत नाही. पण त्यांचा 'तो छान काळ' ऐकताना हे डोक्यात असावं. तसे ते कायम भाबडेही नव्हते. 'द क्लास ऑफ फिफ्टी सेव्हन' (१९७२) मध्ये त्यांनी शाळेतल्या एकेका वर्गमित्राचं पुढे काय झालं ते सांगितलंय: कोणी किराणा विकतोय, कोणाचं डोकं फिरलंय, एकाने जीव दिलाय. कर्ट व्हॉनेगटसारख्या लेखकाला ते इतकं भिडलं की आपल्या 'पाम संडे' या पुस्तकात त्याने त्याची मनापासून वाखाणणी केली.

सिनेमात ते प्रत्यक्ष दिसले १९८० मध्ये. बर्ट रेनॉल्ड्सच्या 'स्मोकी अँड द बँडिट' चा दुसरा भाग म्हणजे ट्रक, पाठलाग आणि पोलिसांची फजिती. त्यात डॉन विल्यम्स, ब्रेंडा ली अशा बऱ्याच कंट्री गायकांना स्वतःच्याच भूमिकेत आणलं होतं. स्टॅटलरही त्यातले. त्याच सिनेमासाठी त्यांनी गायलेलं 'शार्लट्स वेब' कंट्री यादीत पाचव्या क्रमांकावर गेलं. (ई. बी. व्हाइटच्या कोळ्याच्या गोष्टीशी त्याचा काही संबंध नाही. मुलांसाठी लावाल तर फसाल.) सिनेमा म्हणून हा भाग पहिल्याच्या जवळपासही जात नाही, आणि त्यावर इथे याहून जास्त शाई खर्च करावी असं मला वाटत नाही.

१९८२ मध्ये ल्यू डेविट गटातून बाहेर पडला. क्रोन्सच्या आतड्याच्या विकाराने त्याला तरुणपणापासून छळलं होतं. त्याच्या जागी आलेल्या जिमी फॉर्च्युनने 'एलिझाबेथ' सारखी गाणी लिहून गटाला पुन्हा पहिल्या क्रमांकावर नेलं. ऑगस्ट १९९० मध्ये ल्यू गेला. चार वर्षांनी 'पल्प फिक्शन' साठी दिग्दर्शक टॅरंटिनोने 'फ्लॉवर्स ऑन द वॉल' उचललं तेव्हा ते लिहिणारा ते पाहायला उरला नव्हता. आणि सिनेमा कुठला, तर गोळीबार, हेरॉइन आणि शिव्यांनी भरलेला. 'रँडॉल्फ स्कॉट' मध्ये ज्याच्या नावाने बोटं मोडली होती नेमका तसला. ज्या सिनेमाला ते घरच्यांबरोबर बसले नसते, त्यानेच त्यांना नव्या पिढीच्या घरांत नेलं. मला टॅरंटिनोची निवड वरवरची वाटत नाही. लहानपणीचा बुच आपल्याला पहिल्यांदा दिसतो तोच टीव्हीसमोर बसलेला, कार्टून बघणारा. मोठा झालेला बुच एकट्याने टीव्ही बघणाऱ्या माणसाचं गाणं गातो. पुढच्याच वर्षी 'डाय हार्ड' च्या तिसऱ्या भागात ब्रूस विलिसच्याच तोंडी सिगारेटी आणि कॅप्टन कांगारूचा उल्लेख येतो, तेव्हा जाणकार प्रेक्षागृहात हसले असतील.

१९९० उजाडलं तोवर कंट्री रेडिओने या पिढीला निवृत्त करून टाकलं होतं. हॅट घातलेल्या नव्या तरुण गायकांचे दिवस होते, आणि या जुन्या गटाची तबकडी लावायला कोणी तयार नव्हतं. तेव्हा नॅशव्हिल नेटवर्क, म्हणजे टीएनएन, या केबल वाहिनीने त्यांना शनिवारची रात्र दिली. ऑक्टोबर १९९१ मध्ये 'द स्टॅटलर ब्रदर्स शो' सुरू झाला आणि टीएनएनवरचा सर्वाधिक पाहिला जाणारा कार्यक्रम झाला. लेखन हॅरल्ड आणि डॉनचं. गाणी, प्रहसनं, पाहुणे, जुन्या तऱ्हेची करमणूक, आणि शेवटी भक्तिगीत. वीस वर्षांपूर्वी संपला असं समजला जाणारा ढाचा त्यांनी जसाच्या तसा परत आणला, आणि त्यासाठी कोणाची माफीही मागितली नाही. नियमित गायकांत जेनी फ्रिकी होती आणि रेक्स ॲलन ज्युनियर होता: 'रँडॉल्फ स्कॉट' मध्ये ज्या रेक्सची आठवण काढली होती त्याचाच मुलगा. बापाला तिकीट काढून पाहिलं, मुलाला दर आठवड्याला आपल्या शोमध्ये बोलावलं. यापेक्षा चाहत्याची मिजास काय असणार?

हा कार्यक्रम मागासलेला आहे असं म्हणणाऱ्यांशी मी अर्धा सहमत आहे. काही प्रहसनं आज बघवत नाहीत. पण शेवटची पाच मिनिटं बघावीत. थट्टामस्करी बाजूला राहते, चौघे जवळ येतात, आणि जो कॅमेरा तासभर इकडून तिकडे पळत होता तो गपगुमान उभा राहतो. लीड आणि बेस, टेनर आणि बॅरिटोन एका चौकटीत मावतात. क्वार्टेट टीव्हीवर कसं दाखवायचं याचं माझ्या पाहण्यातलं हे सर्वांत सरळ उत्तर आहे.

या यशातही त्यांनी नॅशव्हिलला बिऱ्हाड हलवलं नाही. कचेरी स्टॉन्टनमध्येच होती, आणि तीही ज्या प्राथमिक शाळेत ते शिकले तिचीच इमारत विकत घेऊन थाटलेली. १९७० पासून पंचवीस वर्षं दर ४ जुलैला ते गावातल्या जिप्सी हिल पार्कात मोफत कार्यक्रम करत. टीव्हीवर जे गाव दिसायचं ते नेपथ्यकाराने उभं केलेलं नव्हतं. शूटिंग संपलं की ते त्याच गावी परतायचे.

शो १९९८ मध्ये बंद झाला. वाहिनीची मालकी बदलली होती, आणि काही वर्षांतच तिने नॅशव्हिलचं नाव टाकलं. २००३ पर्यंत ती पुरुषांसाठीची 'स्पाइक टीव्ही' झाली. गटाने २६ ऑक्टोबर २००२ रोजी व्हर्जिनियातल्याच सेलम गावी निरोपाचा कार्यक्रम केला. गॉस्पेल संगीताच्या हॉल ऑफ फेममध्ये त्यांची निवड २००७ ला झाली, कंट्रीच्या २००८ ला. एप्रिल २०२० मध्ये हॅरल्ड गेला.

पुढची प्रकरणं कालक्रमाने लावलेली आहेत. मराठी वाचकाला मात्र मी वेगळी वाट सुचवेन. आधी सॅन क्वेंटिनचं चित्रण मिळवून बघा, मग रोडहॉग मोरन ऐका, आणि त्यानंतरच टीएनएनच्या शोकडे वळा. उलट क्रमाने गेलात तर शनिवार रात्रीचे सुटातले प्रौढ गृहस्थ आधी भेटतील आणि तुम्ही त्यांना गोड म्हणून सोडून द्याल. तुरुंगातले पंचविशी-तिशीतले चौघे आणि स्वतःच्याच धंद्याची खिल्ली उडवणारा रोडहॉग आधी भेटले, की त्या सुटांतला खट्याळपणा लगेच ओळखू येतो, विशेषतः फिलकडे बघून हॅरल्ड चेहऱ्यावरची रेषही न हलवता काही बोलतो तेव्हा.